रविवारी करा, गुरुवारपर्यंत खा: तीळ-शेंगदाण्याच्या सॉसमधल्या थंड नूडल्स

ताज्या, गरम नूडल्स करणं सोपं आहे. कढईतून थेट ताटलीत येतात, पाच मिनिटांत संपतात, बिघडायला त्यांना वेळच मिळत नाही. त्याच नूडल्स चार डब्यांत भरून फ्रीजमध्ये ठेवा आणि दुसऱ्या दिवशी दुपारी डबा उघडा. नूडल्सचा गोळा झालेला असतो, तळाशी भाज्यांचं फिकट पाणी साचलेलं असतं, आणि सॉस शोधूनही सापडत नाही, कारण तो रात्रभरात नूडल्सनी पिऊन टाकलेला असतो. साहित्य तेच, हात तोच, तरी खावंसं वाटत नाही.

बहुतेक पाककृती लगेच खाण्यासाठी लिहिलेल्या असतात. आठवड्याचे डबे एकदम भरायचे असतील तर प्रत्येक पायरीवर स्वतःला एकच गोष्ट विचारायची: हे तिसऱ्या दिवशी कसं असेल? या प्रश्नाचं उत्तर मिळालं की नूडल्स किती शिजवायच्या, भाज्या किती परतायच्या, सॉस कधी घालायचा हे सगळं आपोआप ठरत जातं.

माझं आग्रहाचं मत असं की डब्यासाठी गरम परतलेल्या नूडल्सच्या मागे लागूच नये. पूर्व आशियात थंड नूडल्स आवडीनं खाल्ल्या जातात आणि त्यामागे पक्कं तंत्र आहे. जपानमध्ये सोबा नूडल्स उकडून थंड पाण्यात चोळून धुतात आणि सोबत वाटीत दिलेल्या सॉसमध्ये बुडवून खातात. चीनच्या सिचुआन प्रांतात तिळाची पेस्ट, व्हिनेगर आणि तिखट तेल लावलेल्या थंड नूडल्स मिळतात. कोरियात बारीक गव्हाच्या नूडल्स बर्फासारख्या गार करून तिखट-आंबट-गोड सॉसमध्ये कालवतात, त्यांना बिबिम गुक्सू म्हणतात. गार झाल्यावर चव उतरू नये याचा विचार या सगळ्या पदार्थांत आधीच झालेला आहे. आपण त्यांच्यातलं हवं ते उचलायचं: धुण्याची पद्धत जपानी, तिखट कोरियन, तिळाचं तेल आणि व्हिनेगर चिनी, आणि शेंगदाण्याचा दाटपणा आग्नेय आशियातल्या सॉससारखा.

खाली दिलेलं प्रमाण चार डब्यांचं आहे. पहिल्यांदा करताना सव्वा ते दीड तास धरा. हात बसला की तासाभरात होतं.

साहित्य

नूडल्ससाठी: गव्हाच्या सुक्या नूडल्स ३२० ग्रॅम, म्हणजे एका डब्याला ८० ग्रॅम. शिजल्यावर त्यांचं वजन दुपटीहून जास्त होतं, त्यामुळे कोरड्या नूडल्स कमी वाटल्या तरी वाढवू नका.

टोफूसाठी: घट्ट टोफू ४०० ग्रॅम, सोया सॉस १ मोठा चमचा, कॉर्नफ्लोअर २ मोठे चमचे, तेल दीड मोठा चमचा.

भाज्या: कोबी २०० ग्रॅम, गाजरं २, लाल ढोबळी मिरची १, ब्रोकोलीचा एक लहान गड्डा, सोललेले फ्रोझन एडामामे (कोवळे हिरवे सोयाबीन) १५० ग्रॅम, वाळवलेले शिताके मशरूम ६ ते ८, पातीचा कांदा ४ काड्या.

सॉससाठी: साखर नसलेलं पीनट बटर ४ मोठे चमचे, सोया सॉस ४ मोठे चमचे, तांदळाचं व्हिनेगर २ मोठे चमचे, गोचुजांग (कोरियन आंबवलेली मिरचीची पेस्ट) दीड मोठा चमचा, भाजलेल्या तिळाचं तेल १ मोठा चमचा, साखर २ छोटे चमचे, लसणाच्या ३ पाकळ्या, आल्याचा पेरभर तुकडा, आणि मशरूम भिजवलेलं पाणी.

वरून घालायला: भाजलेले तीळ, भरड कुटलेले शेंगदाणे, काकडी, लिंबू.

इथे मोठा चमचा म्हणजे १५ मिलिलिटरचा आणि छोटा ५ मिलिलिटरचा. डब्यांशिवाय घट्ट झाकणाच्या चार लहान बाटल्या किंवा डब्या लागतील, सॉससाठी. त्या नसतील तर आधी त्या आणा, मग बाकीचं. या पाककृतीत सॉस वेगळा ठेवण्याला पर्याय नाही.

शाकाहारी असाल तर लेबल वाचा

नव्यानं हे साहित्य घेणाऱ्यांची इथेच फसगत होते. पाकिटावर भाज्यांचं चित्र असलं म्हणजे आतला माल शाकाहारी असतोच असं नाही. ऑयस्टर सॉस शिंपल्यांपासून करतात. शाकाहारी हवा असेल तर मशरूमपासून केलेला मिळतो. थाई करी पेस्टमध्ये बहुतेक वेळा सुकवलेल्या कोळंबीची पेस्ट असते. किमचीत, म्हणजे कोरियन आंबवलेल्या भाज्यांत, माशाचा सॉस किंवा खारवलेली कोळंबी घालण्याची पद्धत आहे. मिसो ही जपानी आंबवलेली पेस्ट मुळात सोयाबीनची, पण काही मिसोंत माशाचं दाशी (सार) आधीच मिसळलेलं असतं. नूडल्समध्ये अंडं असू शकतं. गोचुजांग मात्र साधारणपणे मिरची, तांदूळ आणि आंबवलेलं सोयाबीन यांचं असतं, तरीही डब्याची मागची बाजू वाचूनच घ्या.

ॲलर्जीचा विचारही आताच करा. या एका डब्यात गहू, सोया, शेंगदाणे आणि तीळ चारही आहेत. हा डबा दुसऱ्या कुणासोबत वाटून खाणार असाल तर आधी विचारून घ्या.

नूडल्स कोणत्या घ्याव्यात

स्टार्च शिजताना पाणी धरून फुगतो. थंड झाला की त्याच्या साखळ्या पुन्हा एकमेकींजवळ सरकतात, घट्ट रचल्या जातात आणि धरलेलं पाणी बाहेर टाकतात. हे सगळ्यात वेगानं होतं ते गोठणबिंदूच्या जरा वरच्या तापमानाला, म्हणजे नेमकं फ्रीजमध्ये. म्हणूनच फ्रीजमधल्या नूडल्स कडक होतात.

तांदळाच्या नूडल्समध्ये स्टार्चखेरीज आधाराला दुसरं काही नसतं, म्हणून त्या दुसऱ्याच दिवशी ताठ होतात आणि चमचा लावला की तुटतात. गव्हाच्या नूडल्समध्ये ग्लुटेन या प्रथिनाचं जाळं असतं, ते आकार आणि लवचीकपणा टिकवून धरतं. त्यातही रामेनच्या पिवळसर नूडल्स डब्यासाठी फार चांगल्या. त्यांच्या पिठात सोडियम किंवा पोटॅशियम कार्बोनेटसारखे अल्कधर्मी क्षार घालतात, त्यामुळे त्या चिवट, उसळत्या राहतात आणि पटकन गळत नाहीत. ‘लो मेन’ किंवा ‘हक्का’ असं लिहिलेल्या नूडल्सही चालतील, फक्त अंडं नाही ना ते बघा. उडॉन जाड असल्यामुळे सॉस कमी धरतात, पण चांगल्या टिकतात. निव्वळ बकव्हीटच्या (कुट्टूच्या) सोबा पहिल्यांदा करताना टाळा. त्या चविष्ट असतात, पण हाताळताना तुटतात. गव्हाचं पीठ मिसळलेल्या सोबा घेतल्या तर हा त्रास कमी.

गहू चालत नसेल तर तांदळाच्या नूडल्स घ्यायला हरकत नाही. मग डबा थंड खायचा नाही: खाण्याआधी नूडल्सवर उकळतं पाणी ओतून अर्धा मिनिट ठेवायचं आणि निथळून सॉस घालायचा. त्या पुन्हा मऊ होतात. सोया सॉसऐवजी ग्लुटेनरहित तामारी (जपानी सोया सॉस) घ्यायचा आणि गोचुजांगचं लेबल नीट पाहायचं, कारण त्यात गहू किंवा बार्ली असू शकते.

आदल्या रात्री: मशरूम भिजवा

शिताके थंड पाण्यात बुडतील एवढे भिजवून फ्रीजमध्ये ठेवून द्या. विसरलात तर गरम पाण्यात अर्धा तास. ते पाणी ओतून देऊ नका, तळाशी बसलेली कचकच सोडून वरचं पाणी गाळून घ्या. त्याचा रंग काळसर असतो आणि वास नुसता घेतला तरी भूक लागते.

हे पाणी एवढं मोलाचं का, ते सांगतो. १९०८ साली टोकियोत किकुनाए इकेदा या रसायनशास्त्रज्ञानं कोंबू नावाच्या समुद्री वनस्पतीच्या सारातून ग्लुटामेट हा चवीचा घटक वेगळा केला आणि त्याच्या खोल, रसदार चवीला उमामी असं नाव दिलं. सोया सॉस आणि गोचुजांग आंबवलेले असल्यामुळे त्यांत ग्लुटामेट भरपूर असतं. वाळवलेल्या शिताकेमध्ये ग्वानिलेट नावाचा दुसरा घटक असतो. हे दोन एकत्र आले की चवीची बेरीज न होता गुणाकार होतो. मांस-मासे नसलेल्या जेवणात जी खोली कमी पडल्यासारखी वाटते, ती इथून येते. सॉस पातळ करायला साधं पाणी वापरलं तरी चालेल, पण दोन्ही प्रकारे एकदा करून पाहा. फरक लगेच कळतो.

पायरी १: टोफू दाबायला ठेवा

कामाचा क्रम महत्त्वाचा आहे. जे आपोआप होत राहतं ते सगळ्यात आधी सुरू करायचं. टोफू पाण्यातून काढा, स्वच्छ कापडात गुंडाळा, वर पाटी आणि तिच्यावर जड भांडं ठेवा. वीस ते तीस मिनिटं तसाच राहू दे. ओव्हन असेल तर २०० अंश सेल्सियसला लावून ठेवा.

टोफू आधीच फ्रीजरमध्ये गोठवून, वितळवून आणि हातानं पिळून वापरला तर दाबायची गरज पडत नाही. गोठताना आत बर्फाचे स्फटिक तयार होतात आणि ते वितळल्यावर टोफू स्पंजसारखा जाळीदार होतो. तो सॉस जास्त शोषतो आणि चावायला जरा चिवट लागतो. मला डब्यासाठी हाच जास्त आवडतो, पण पहिल्यांदा साध्या पद्धतीनं करा.

पायरी २: भाज्या चिरा, आणि कोरड्या करा

कोबी अगदी बारीक, लांब चिरा. गाजराचे काडीसारखे काप करा. ढोबळी मिरचीच्या आतला पांढरा भाग काढून उभे पातळ काप करा. ब्रोकोलीचे लहान तुरे काढा. देठ फेकू नका, सोलून पातळ चकत्या केल्या की तोही गोडसर लागतो. पातीचा कांदा बारीक चिरून वेगळ्या डबीत ठेवा.

कोबी, गाजर आणि ढोबळी मिरची कच्चीच डब्यात जाणार आहेत. परतलेला कोबी दुसऱ्या दिवशी लिबलिबीत होतो आणि त्याचा वास अख्ख्या डब्याला लागतो. कच्चा कोबी चार दिवस कुरकुरीत राहतो, अट एवढीच की तो कोरडा असावा आणि त्याला मीठ किंवा सॉस लागलेला नसावा. मीठ लागलं की पाणी सुटायला लागतं. म्हणून भाज्या चिरण्याआधीच धुवा, चाळणीत निथळू द्या आणि कापडावर पसरून टिपून घ्या. या टिपण्यात पाच मिनिटं जातात, पण तिसऱ्या दिवशीचा डबा त्यावर अवलंबून असतो.

काकडी आता चिरू नका. मुगाचे किंवा सोयाबीनचे मोड घालायचा मोह होईल, तोही आवरा. मोड लवकर बुळबुळीत होतात. ज्या दिवशी खायचे त्या दिवशी घातले तर उत्तम.

पायरी ३: सॉस

एका खोलगट भांड्यात पीनट बटर घ्या आणि त्यात मशरूमचं पाणी कोमट करून एक-एक चमचा घालत ढवळा. पहिल्या एक-दोन चमच्यांना पीनट बटर पातळ होण्याऐवजी उलट आवळून येतं, रवाळ दिसतं, फाटल्यासारखं वाटतं. घाबरून जास्त पाणी ओतू नका. पुढचा चमचा, मग त्यापुढचा असं घालत राहा. चौथ्या-पाचव्या चमच्याला ते अचानक सैल होतं, रंग फिकट होतो आणि वर चकाकी येते. पाणी तेलाच्या कणांभोवती नीट बसलं की असं होतं. आता त्यात सोया सॉस, व्हिनेगर, गोचुजांग, साखर, किसलेलं आलं-लसूण घालून एकजीव करा आणि शेवटी तिळाचं तेल घाला.

सॉस चमच्याच्या मागच्या बाजूला पातळ थर धरून राहील एवढा असावा. चव घ्या. नुसता चाखल्यावर तो थोडा जास्त खारट, जास्त आंबट आणि जास्त तिखट वाटला पाहिजे. थंड पदार्थात जिभेला चवी मंद जाणवतात, शिवाय हा सॉस बिनमिठाच्या नूडल्स आणि कच्च्या भाज्यांना पुरायचा आहे. आत्ता अगदी बरोबर वाटला तर डब्यात तो अळणी लागेल.

मात्र मिठाचा हिशोब डोळसपणे करा. एका मोठ्या चमचाभर साध्या सोया सॉसमध्ये सुमारे ९०० मिलिग्रॅम सोडियम असतं, आणि जागतिक आरोग्य संघटनेची प्रौढांसाठीची मर्यादा दिवसाला २००० मिलिग्रॅमची आहे. टोफूचा धरून आपण चार डब्यांत पाच चमचे वापरतोय, म्हणजे एका डब्यात दिवसाच्या निम्म्याहून जास्त सोडियम जातं. रक्तदाबाचा त्रास असेल किंवा रोज हेच खाणार असाल तर कमी सोडियमचा सोया सॉस घ्या आणि कमी पडलेली चव लिंबू, व्हिनेगर आणि आल्यानं भरून काढा. आंबट वाढवलं की मीठ कमी आहे हे फारसं जाणवत नाही.

सॉस चार बाटल्यांत वाटून फ्रीजमध्ये ठेवा. ताजा लसूण आहे, त्यामुळे बाहेर ओट्यावर ठेवून देऊ नका.

पायरी ४: टोफू भाजा

दाबलेला टोफू सुरीनं न कापता हातानं अंगठ्याएवढ्या तुकड्यांत तोडा. ओबडधोबड कडांना कॉर्नफ्लोअर जास्त चिकटतं आणि कुरकुरीत भाग वाढतो. आधी सोया सॉस चोळा, मग तेल, मग कॉर्नफ्लोअर भुरभुरून हलक्या हातानं घोळवा. ट्रेमध्ये तुकडे एकमेकांना न चिकटता पसरा आणि २५ ते ३० मिनिटं भाजा, मध्ये एकदा उलटा. कडा सोनेरी-तपकिरी झाल्या की झालं.

ओव्हन नसेल तर पसरट तव्यावर मध्यम आचेवर परता. तुकडा टाकल्यावर लगेच हलवू नका. खालची बाजू नीट भाजली की तो स्वतःहून सुटतो. त्याआधी ढकलला तर पापुद्रा तव्याला चिकटून राहतो.

डब्यात हा कुरकुरीतपणा पहिल्या दिवसापुरताच टिकतो, हे आधीच सांगून ठेवतो. पुढे टोफू मऊ पडतो, पण भाजताना त्यातलं पाणी गेलेलं असल्यामुळे तो सॉस छान पितो. कुरकुरीतपणाचं काम शेंगदाण्यांवर सोपवा.

टोफू भाजला जात असताना भिजलेले मशरूम पिळा, कडक देठ काढून पातळ काप करा आणि थोड्या तेलावर मोठ्या आचेवर परता. त्यांचं पाणी सुटून पूर्ण आटलं पाहिजे आणि कडा जरा तांबूस व्हायला हव्यात.

पायरी ५: एकाच पाण्यात भाज्या आणि नूडल्स

मोठ्या पातेल्यात तीन ते चार लिटर पाणी उकळा. पाणी भरपूर असलं की नूडल्स घातल्यावर उकळी लवकर परत येते आणि स्टार्च एकवटून चिकटपणा येत नाही. मीठ घालू नका. गव्हाच्या बऱ्याच आशियाई नूडल्सच्या पिठात मीठ आधीच असतं.

आधी एडामामे टाका, पाकिटावर दिलेल्या वेळेप्रमाणे शिजवा, आणि शेवटच्या एका मिनिटात ब्रोकोली सोडा. ब्रोकोलीचा हिरवा रंग एकदम गडद होतो, तो दिसला की लगेच झाऱ्यानं दोन्ही काढून बर्फाच्या पाण्यात टाका. दोन मिनिटांनी निथळून कापडावर पसरा. पाणी तेच राहू द्या आणि पुन्हा खळखळून उकळी येऊ द्या.

आता नूडल्स. पाकिटावर जेवढी वेळ दिली असेल त्याच्या एक मिनिट आधीपासून एक-एक नूडल काढून चावून बघायला लागा. बाहेरून मऊ आणि दाताखाली मधोमध किंचित ताठपणा जाणवला की लगेच गॅस बंद. पीठ कच्चं लागता कामा नये, कारण आपण या नूडल्स पुन्हा शिजवणार नाही आहोत. पण त्या पूर्ण मऊ होईपर्यंतही थांबायचं नाही. पुढचे तीन-चार दिवस त्या डब्यातल्या ओलाव्यात बसणार आहेत, राहिलेली कसर तिथे भरून निघते.

चाळणीत ओता आणि वाहत्या थंड पाण्याखाली हातानं चोळून धुवा. नुसतं वरून पाणी सोडून भागत नाही. बोटं नूडल्सच्या आतपर्यंत घालून, उलटसुलट करून, कपडा खळबळतो तसं धुवायचं. सुरुवातीला हाताला बुळबुळीत लागतं आणि चाळणीखालचं पाणी दुधाळ दिसतं; ते पाणी नितळ झालं आणि नूडल्स हाताला गुळगुळीत पण न निसटणाऱ्या लागल्या की थांबा. हा पृष्ठभागावरचा मोकळा स्टार्चच फ्रीजमध्ये डिंकासारखा वागतो. सगळ्या लेखातली एकच पायरी लक्षात ठेवायची असेल तर ही ठेवा. तेल कितीही घातलं तरी न धुतलेल्या नूडल्सचा गोळा होतोच.

धुतल्यावर चाळणी आपटून आपटून पाणी झाडा, दहा मिनिटं निथळत ठेवा आणि मग एक मोठा चमचा तेल हातानं सगळीकडे लावा. तिळाचं आणि साधं तेल निम्मंनिम्मं घेतलं तर वास छान येतो, उग्र होत नाही.

पायरी ६: डबे भरा

सगळं गार झालं आहे ना, हे हात लावून बघा. टोफू आणि मशरूम कोमट असताना झाकण लावलं तर वाफ आत अडकते, झाकणाला पाण्याचे थेंब धरतात आणि ते खाली भाज्यांवर पडतात.

उथळ, पसरट डबे घ्या, त्यांत अन्न लवकर गार होतं. तळाला नूडल्स, हातानं चार ठिकाणी सैल गुंडाळी करून ठेवलेल्या. एका बाजूला कोबी, गाजर, ढोबळी मिरची. दुसऱ्या बाजूला ब्रोकोली, एडामामे, मशरूम. एका कोपऱ्यात टोफू. सॉसची बाटली डब्याबाहेर, पण फ्रीजमध्येच. तीळ-शेंगदाण्यांची कोरडी पुडी तर फ्रीजमध्येही ठेवायची गरज नाही. या एका डब्यातून साधारण २५ ग्रॅम प्रथिनं मिळतात, दुपारच्या जेवणाला ती पुरेशी आहेत.

किती दिवस टिकतं

शिजवलेलं अन्न दोन तासांच्या आत फ्रीजमध्ये गेलं पाहिजे, आणि हवा ३२ अंशांच्या वर असेल तर एका तासात. फ्रीजचं तापमान ४ अंश किंवा त्याखाली हवं. असं असेल तर हे डबे तीन ते चार दिवस सुरक्षित राहतात. रविवारी केले तर गुरुवारचा डबा शेवटचा.

हा नियम केवळ चवीसाठी नाही. भात आणि नूडल्ससारख्या पदार्थांत बॅसिलस सिरियस नावाचा जिवाणू वाढतो. त्याचे बीजाणू उकळत्या पाण्यातही मरत नाहीत. अन्न बाहेर राहिलं की ते रुजतात आणि विष तयार करतात, आणि उलट्या घडवणारं ते विष पुन्हा गरम करूनही नष्ट होत नाही. २००८ साली बेल्जियममध्ये पाच दिवस खोलीच्या तापमानाला राहिलेली स्पॅगेटी गरम करून खाल्ल्यानं एका वीस वर्षांच्या विद्यार्थ्याचा मृत्यू झाला. ‘गरम करून खाऊ, काही होत नाही’ हे नूडल्सच्या बाबतीत खरं नाही. डबा रात्रभर बाहेर राहिला असेल तर वास चांगला आला तरी टाकून द्या. कामाच्या ठिकाणी फ्रीज नसेल तर डबा इन्सुलेटेड पिशवीत, गोठवलेल्या आइस पॅकसोबत न्या.

भरलेले डबे फ्रीजरमध्ये टाकू नका. कच्चा कोबी आणि ढोबळी मिरची वितळल्यावर पाणचट होतात. भाजलेला टोफू मात्र गोठवता येतो.

खाताना

सॉस फ्रीजमध्ये घट्ट होतो. बाटलीत एक-दोन चमचे गरम पाणी घाला, झाकण लावून जोरात हलवा, पुन्हा वाहता होतो. डबा खाण्याच्या दहा-पंधरा मिनिटं आधी फ्रीजमधून काढा. नूडल्स हातानं किंवा काट्यानं मोकळ्या करा. थोड्या चिकटल्या असतील तर थंड पाण्याचा हबका मारा, लगेच सुटतात. सॉस घालून सगळं वर-खाली कालवा. मग काकडी, पातीचा कांदा, शेंगदाणे, तीळ, आणि वर लिंबू पिळा. लिंबू ऐच्छिक समजू नका. चार दिवस फ्रीजमध्ये राहिलेल्या डब्याला ताजेपणा तेवढाच देतो.

गरमच हवं असेल तर कच्च्या भाज्या बाजूला काढा. नूडल्स, टोफू, मशरूम, ब्रोकोली आणि एडामामे यांवर दोन चमचे पाणी शिंपडून, सैल झाकून मायक्रोवेव्हमध्ये दीड-दोन मिनिटं ठेवा. मध्ये एकदा ढवळा आणि मधोमधसुद्धा वाफाळतं होऊ द्या. थर्मामीटर असेल तर ७४ अंश दिसले पाहिजेत. सॉस शेवटी घाला, आधी घालून गरम केला तर त्यातलं तेल सुटतं. एकदा गरम केलेला डबा पुन्हा फ्रीजमध्ये ठेवू नका.

कंटाळा आला तर

सलग दोन आठवडे हाच सॉस खाल्ला की कंटाळा येणारच. नूडल्स, टोफू आणि भाज्यांची पद्धत तशीच ठेवा आणि फक्त सॉस बदला. गोचुजांग काढून ३ मोठे चमचे पांढरा मिसो, पीनट बटरऐवजी तिळाची पेस्ट, आणि व्हिनेगरच्या जोडीला लिंबाचा रस घेतला तर सौम्य, मलईसारखा सॉस होतो. मिसो खारट असतो, म्हणून सोया सॉस एका चमच्यावर आणा. तिखट आवडणाऱ्यांनी पीनट बटर अर्धं करून तिखट मिरची तेल आणि बारीक कुटलेली सिचुआन मिरी घालावी. जीभ हलकी बधिर होते आणि थंड नूडल्सवर ती झिणझिण फार छान लागते. सिचुआन मिरी आधी कोरड्या तव्यावर मंद आचेवर वास सुटेपर्यंत भाजा, आतल्या काळ्या बिया काढून टाका, त्या कचकच लागतात.

शुक्रवारचा डबाही यातूनच काढायचा असेल तर सॉस थोडा जास्त करा, तो फ्रीजमध्ये पाच दिवस चांगला राहतो, आणि टोफूचा एक वाटा गोठवून ठेवा. गुरुवारी रात्री टोफू फ्रीजरमधून फ्रीजमध्ये काढा, ८० ग्रॅम नूडल्स नव्यानं उकडून धुवा आणि मूठभर कोबी ताजा चिरा. पाणी उकळण्याचा वेळ सोडला तर दहा मिनिटांचं काम आहे.